आप्पा आमच्याकडं चहाला आले तवा

यशवंतआप्पा गेल्याचा फोन आला तवा मी पोरीला भात भरवत व्हते. फोन टीममधल्या कोमलचा, दौंडहून. ती रडत व्हती, मागं रेल्वेचा भोंगा वाजत व्हता. मी "बरं" म्हणलं, फोन ठेवला आन् पोरीला पुढचा घास दिला. आता सव्वा महिना झाला, पण धड रडू न्हाई आलं. कारण जायच्या बारा दिवस आधी आप्पा आमच्या शिक्रापूरच्या खोलीवर चहाला आले व्हते, आन् ते कशाला आले व्हते तेच मला कळलं न्हाई. तिकडं दौंडच्या फुटबॉलच्या पोरी रोज फोन करायच्या. ताई, रविवारचं तू ये, कुणी मोठं मानूस मैदानावर उभं न्हाई राहिलं तर आया आम्हाला धाडायच्या न्हाईत, टीम मोडंल. मी जावं का न्हाई, हे त्या एका चहापाशी येऊन अडकलं व्हतं...

तुम्हाला वाटंल चहात काय एवढं. तर आप्पांची रीत सांगते. आप्पा म्हंजी आमचे फुटबॉलचे मॅनेजर. वय ऐंशीच्या पुढं, पण रेल्वे कॉलनीच्या मैदानावर पोरींच्या आधी हजर. कुणाला टीममधून काढायचं असंल तर मैदानावर कवाच बोलायचे न्हाईत. आदल्या दिवशी त्या पोरीच्या घरी जायचे, चहा घ्यायचे, इकडचं तिकडचं बोलायचे. कप रिकामा झाला की बशीवर पालथा ठेवायचे आन् मग म्हणायचे, "ह्या बारीला तू न्हाईस." मी एकदा इचारलं, आप्पा असं का? तर म्हणले, "मैदानावर नाव काढलं तर पोरीनं तोंड कुठं लपवायचं? घरी आईचा पदर असतो." त्यामुळं आप्पा कॉलनीत शिरले की घराघरातनं पोरी खिडकीला. "म्हातारा कुणाकडं वळला गं?" कोमलच्या आईनं एकदा दारातच सांगितलं, आप्पा, साखर संपली ओ. आप्पा चप्पल काढत म्हणले, "बिनसाखरेचा चालंल की." कोमलला त्या बारीला बसवलंच.

त्येंचं खेळणं आम्ही कुणी बघितल्यालं न्हाई, नुसतं ऐकल्यालं. दौंडमधी फुटबॉल खेळणाऱ्या पहिल्या पोरांमधले ते. वडील लोको शेडात कोळसा वढायचे. साहेब लोकांचा बॉल कुंपणाबाहेर आला की तो परत टाकता टाकता आप्पा शिकले. मग शेडातच नोकरी लागली आन् टीममधी हाफला, मधल्या फळीत, घेतलं. अनवाणी खेळायचे, घोट्याला नुसती पट्टी. सोलापूरची टीम बुटं घालून यायची, तर आप्पा म्हणायचे, "त्येंच्या बुटाचा आवाज यायचा ना, त्येच्यावरनं कळायचं मागनं कोण येतंय." असं तेरा-चौदा वर्सं खेळले आन् गुडघा गेला. तवाचे मॅनेजर शेडातले फोरमन व्हते. ते एक दिवस आप्पांच्या क्वार्टरवर आले. आप्पांच्या बायकोचं, काकूंचं, नवीन लगीन; त्येंनी चहा केला. फोरमन साहेबांनी चहा संपवला आन् म्हणले, यशवंत, उद्यापासनं तू खेळायचं न्हाई, उद्यापासनं टीम तू बघायची. आप्पा भाईर नळावर जाऊन बसले ते अंधार पडेस्तोवर. आन् काकूंना वाटलं नवऱ्याला बढती मिळाली, त्येंनी शेजारीपाजारी साखर वाटली! काकू हे सांगताना अजून हसत्यात. म्हंजी बघा, एकाच कपात काढलंबी आन् नेमलंबी.

पुढं मोठ्यांची टीम मोडली, आप्पा रिटायर झाले आन् पोरींना गोळा करायला लागले. मी आठवीत. आई कुरकुंभला कंपनीत पॅकिंगला जायची, मी घरात एकटी, पालीला भ्यायची, मास्तरला भ्यायची, गणिताला तर इतकी की दहावीला तिथंच नापास झाले. आप्पांनी मला गोलमधी उभं केलं. म्हणलं, आप्पा मी लई भिते ओ. ते म्हणले, "म्हणून तर. भिणाऱ्याला बॉल आधी दिसतो." पाच वर्सं मी गोलकीपर. पाच वर्सांत आप्पा आमच्या घरी एकदाबी चहाला आले न्हाईत. आई म्हणायची, मोठं मानूस, कवा पाय लागंल आपल्या घराला? मी म्हणायची, नगं लागू दे बाई.

मग लगीन झालं, शिक्रापूरला आले. हे कंपनीत, शिफ्टला. पोरगी झाली, आता आठ महिन्यांची हाय. ट्रक एवढे जात्यात की खोलीतली भांडी वाजत्यात. त्या दिवशी दुपारी मला वाटलं ट्रकच गेला, तर दार वाजलं. दारात आप्पा. इस्त्रीचा पांढरा शर्ट, चौफुल्याला गाडी बदलून आलेले, एकटे. श्वास लागल्याला. ह्यांनी खुर्ची दिली, मी पाया पडले, आन् आप्पा म्हणले, "चहा टाक गं."

आता खरं सांगते, हे मी ह्यांनाबी सांगितलं नव्हतं. मी घाबरले. मला वाटलं, आता सांगणार, तुझं संपलं, पोरगी झाली, आता मैदानाचं नाव काढू नगंस. मी काय खेळायला जाणार व्हते असंबी न्हाई, जिना चढून मला धाप लागती. पण कुणी तोंडानं म्हणलं न्हाई तवर मनात तरी असतं ना आपण टीममधी... तर मी कप रिकामाच होऊ दिला न्हाई. अर्धा झाला की, आप्पा घ्या की, आन् वरनं वतलं. परत अर्धा झाला, परत वतलं. तिसऱ्या बारीला दूध संपलं, तर पोरीच्या वाटणीचं घालून वतलं. आन् तोंडानं बडबड, कोमल कशीय, काकूंचा गुडघा कसाय, मैदानावरचं गवत काढलं का. आप्पा नुसते कपाकडं बघायचे, माझ्याकडं बघायचे. पोरगी त्येंनी मांडीवर घेतली, तिचे तळवे दाबून बघितले. तेवढ्यात हे म्हणले, आप्पा, पाचची गाडी चुकंल. आप्पा उठले. कप काठोकाठ भरल्याला, तसाच. दारात थांबले, काहीतरी म्हणणार असं वाटलं, तर मीच म्हणलं, सावकाश जा बरं का.

बारा दिवसांनी फोन.

दहाव्याला गर्दीत मला काकूंशी बोलता आलं न्हाई. परवा गेले. काकूंच्या समोर बसले आन् सगळं सांगून टाकलं, वतत गेले ते, बोलू दिलं न्हाई ते. म्हणलं, काकू, ते मला काढायला आल्ते का फोरमन साहेब आल्ते तसं आल्ते? काकू म्हणल्या, "मला कुठं सांगायचा तो? शर्टाला इस्त्री कर म्हणला, शिक्रापूरला जातो म्हणला. मी म्हणलं तुझ्या छातीत दुखतंय, नगं जाऊ. ऐकतोय व्हय?" मग म्हणलं, आल्यावर काय म्हणले? काकू हसायलाच लागल्या, डोळ्याला पदर लावून हसत व्हत्या. "आल्यावर पाय धुतले, बसला, आन् एकटाच हसतोय. म्हणलं काय झालं? तर म्हणला, दोन गाड्या बदलून गेलो, तीनदा टाकून बघितलं... पोरीनं आत काय जाऊच दिलं न्हाई. अगं, अजून तशीच उभी हाय ती."

एवढंच. काढायला आल्ते का नेमायला, ते न्हाईच सांगितलं. मी काकूंना तीनतीनदा इचारलं, पुढं काय म्हणले? "पुढं काय, जेवला आन् झोपला."

येताना गाडीत तेच तेच. गोलमधी तशीच उभी हाय म्हंजी काय, चांगलं का वाईट? घरी ह्यांना सगळं सांगितलं. हे म्हणले, "तुलाच धाप लागती, तू पोरींना काय पळवणार?" आन् जरा येळानं म्हणले, "उद्या रविवार, माझी सुट्टी हाय. गाडीवर सोडतो." मी म्हणलं, लोक म्हणतील दहावी नापास आन् मॅनेजर झाली. हे म्हणले, "फुटबॉलला गणित लागतं व्हय?"

तर काल रविवारी गेले. पोरगी कडेवर. मैदानावर पोरी येऊन उभ्या, बाराच्या बारा. आप्पा कुठं उभे राहायचे ते मला कवा दिसलंच नव्हतं, कारण ते माझ्या पाठीमागं उभे असायचे, गोलच्या मागं. काल पहिल्यांदा मी गोलच्या मागं जाऊन बघितलं. सगळीकडं गवत, आन् तिथं दोन पावलांएवढी जागा उघडी. नुसती माती, घट्ट, घासून चकचकीत झाल्याली. मला तिथं पाय ठेववंना. पुढं गोलमधीबी जाववंना, कडेवर लेकरू. मी आपली मधीच उभी, खांबाला हात लावून.

कोमल पळत आली. "ताई, तू आत उभी राहणार का भाईर?"

म्हणलं, मला म्हाईत न्हाई गं. तू आधी बॉल तर टाक.