बोंबलांवरचं गोणपाट

पनवेलच्या जुन्या बाजारात फुलवालीच्या शेजारी एक म्हातारे कोकणी मुसलमान चाचा सुके बोंबील विकायला बसायचे. पांढरी दाढी, जाळीची टोपी आणि बोलण्याआधी घसा खाकरायची सवय. सासूबाईंच्या पूजेसाठी मी रोज सकाळी खांदा कॉलनीतून फुलं घ्यायला यायचे. फुलं घेऊन वळले, की चाचा घाईघाईने टोपलीवर गोणपाट ओढायचे.

आधी वाटलं, आपल्यासारख्यांना यांना काही विकायचंच नाही. घरी तसं बोललेही, आणि सगळ्यांनी माना डोलावल्या. मग वाटलं, माझी टिकली बघून यांनी मला शाकाहारी ठरवलं असणार. आम्ही मालवणचे. मला याचा जास्त राग आला.

एके दिवशी थांबलेच. म्हटलं, "चाचा, मला बघून झाकता कशाला? मी खाते बोंबील."

त्यांनी घसा खाकरला. "खात असाल की, बाय. तुमच्यापासून नाय झाकत. फुलं देवाला जायची हायत, त्यांना वास लागंल."

सासूबाईंचा मिस्ड कॉल आला. पूजा खोळंबली होती. मी मात्र हातातल्या पुडीकडे बघत उभी.

संध्याकाळी पुन्हा गेले. मला लांबूनच पाहून चाचांनी गोणपाटाला हात घातला, मग माझ्या हातांकडे पाहिलं. हात रिकामे होते. त्यांनी गोणपाट उचललं, त्याची नीट घडी घातली आणि बाजूला ठेवलं.

"आता बघा," म्हणाले, "सावकाश."