जावयाला चेंडू फेकायचा नसतो

माझं लग्न ठरलं आणि माझा संघ बदलला, या दोन्ही बातम्या मला एकाच वाक्यात कळल्या. मी म्हशीला पाणी दाखवत होतो. आईच्या माघारी जिनं मला वाढवलं ती थोरली अक्का ओसरीच्या पायरीवर येऊन म्हणाली, "हुमनाबादच्या अडत्याची पोरगी तुला केली. पुढल्या बाजारापासनं तू त्यांच्याकडनं खेळायलास."

म्हशीनं पाण्यातनं तोंड वर काढलं. मी मात्र आ वासून तसाच. खटकचिंचोळीच्या पाण्यावर वाढलेला माणूस हुमनाबादकडनं खेळणार, हे ऐकून आमच्या विहिरीतलं पाणी दोन हात खाली गेलं असं मी आजही शपथेवर सांगतो.

हा खेळ काय होता ते आधी सांगायला हवं, नाहीतर वाचणाऱ्याला वाटेल म्हातारा भांग घेऊन लिहायला बसलाय. निजामाचं राज्य होतं. हैदराबादेहून एक ड्रिल मास्तर आमच्या भागातल्या शाळेवर बदलून आला. अंगावर खाकी, गळ्यात शिट्टी, जिभेवर दख्खनी. ट्रंकेत घालून त्यानं बास्केटबॉल आणला होता. शाळेतल्या पोरांना त्याचं काही वाटलं नाही. वेड लागलं ते बाजारातल्या अडत्यांना. कुस्तीचे फड आणि बैलांच्या शर्यती बघून त्यांचे डोळे विटले होते. सुगी सरून खळी रिकामी झाली की चार गावांचे संघ झुंजायला लागले: हुमनाबाद, भालकी, आमची खटकचिंचोळी आणि पार भीमेकाठची करजगी. करजगीवाले बैलगाड्यांनी यायचे आणि हरले की जाताना आमच्या कडब्याच्या पेंढ्या उचलून न्यायचे.

आम्ही पगारी खेळाडू होतो, बरं का. फुकट कोण उड्या मारतंय? दर बाजाराला तूप, हंगामाला ज्वारी, आणि जिंकलं की नवा फेटा. हंगाम मारणाऱ्या गावाला पितळेची ढाल. मैदान म्हणजे सारवलेलं खळं. दोन टोकांना खांब, खांबावर मोटेच्या तोंडाचं लोखंडी कडं, आणि कड्याला दूधदुभत्याचं शिंकं बांधलेलं. पहिल्या साली शिंक्याचं बूड कापायचं कुणाला सुचलंच नाही. चेंडू आत पडला की तिथंच राहायचा आणि तो काढायला माणूस लागायचा. तो माणूस मी. मी बसलो तरी उभ्या माणसाच्या कानात बोलू शकायचो. गावातल्या यच्चयावत चौकटींनी माझ्या कपाळावर आपापली खूण ठेवली होती. चेंडू काढता काढता मला कळलं की तो आत टाकणंही तितकंच सोपं आहे, आणि मी खेळाडू झालो.

नियम मास्तरनं दोनच शिकवले होते. चेंडू हातात धरून चालायचं नाही. आपटत न्या, नाहीतर फेका. तिसरा नियम अडत्यांचा: खेळणारा त्याच गावचा हवा. त्यात करजगीवाल्यांनी खुसपट काढलं की आमचा घरजावई चालेल का. सगळ्यांनी विचार करून ठरवलं, जावई म्हणजे घरचाच माणूस, तो चालेल.

त्या दिवसापासून आमच्या मुलखात उंच पोरांची लग्नं पटापट जमायला लागली. वधुपिते येताना दोरी घेऊन यायचे, म्हणजे लांबी मोजता येईल. थोडं तिखटमीठ लावून सांगतोय, पण थोडंच.

तर हुमनाबादच्या अडत्यानं मला असा हेरला. सुपारी फुटली, त्यानं मला धोतर-फेटा दिला, आणि चार गावांच्या पंचांनी मान्य केलं की आता हा हुमनाबादचा. पण अडत्या पक्का होता. अक्काला त्यानं सरळ सांगितलं, "ढाल आमच्या गावात आली की हळद. न्हाई आली तर सुपारी परत. मनात काही धरायचं न्हाई."

मला ते आधी काहीच वाटलं नाही. सुपारी परत तर परत. मग त्याच दिवशी त्याची मुलगी पाण्याचा तांब्या घेऊन आली, आणि आतल्या दारातनं येताना तिनं मान खाली घातली. लाजून नव्हे, चौकट लागू नये म्हणून. तिच्याही कपाळावर माझ्यासारखीच खूण होती. नंतर कळलं, तिलाही बऱ्याच घरांनी उंचीपायी नाकारलं होतं. तांब्या देताना तिनं माझ्याकडे सरळ बघितलं. तोवर माझ्याकडे कुणी वर बघायचं नाहीतर मी खाली बघायचो. सरळ बघणारं माणूस मला जन्मात भेटलं नव्हतं. मी पाणी धोतरावर सांडलं. त्या क्षणापासून मला ती ढाल हवी होती. ढाल नाही तर ती नाही, एवढा साधा हिशेब होता.

पहिला सामना भालकीशी, अडत्याच्याच दुकानामागच्या अंगणात. माझे दोघे होणारे मेहुणे आमच्या संघात. चेंडू थोरल्याच्या हातात आला. मी कड्याखाली मोकळा, हात वर, म्हणजे जवळजवळ आभाळात. मी म्हटलं, टाक. तो टाकेना. चेंडू आपटत आपटत माझ्यापर्यंत आला, थांबला, वाकला, दोन्ही हातांवर चेंडू ठेवून माझ्यापुढे धरला आणि म्हणाला, "घ्या दाजी." तेवढ्यात भालकीच्या एका बुटक्यानं तो त्याच्या हातावरनं असा उचलला, जसा लग्नातल्या ताटातला लाडू.

मला वाटलं, पोरगा घाबरला असेल. मग धाकट्यानं तेच केलं. धाकट्याला तर आपटतही नेता यायचा नाही. तो चेंडू पोटाशी धरून चालत आला. शिट्टी. परत चालत आला. परत शिट्टी. मास्तर डोकं धरून म्हणाला, "मियाँ, बॉल फेको. नजराना नक्को दो."

अर्ध्या वेळेला मी मेहुण्यांना बाजूला घेतलं आणि विचारलं, कामून फेकत नाही? दोघांनी माझ्याकडे असं बघितलं जसं मी त्यांना देवळात जोडे घालून चला म्हणालो.

थोरला हळूच म्हणाला, "दाजी, जावयाकडं कुणी काही फेकतंय का?"

खरंच की. आमच्या सगळ्या मुलखात जावयाला साधी विड्याची डबी सरकवत नाहीत. पान असो, पाणी असो, दोन हातांनी द्यायचं, जरा वाकून द्यायचं. हे सगळ्यांना ठाऊक, मलाही ठाऊक. आणि तरी चार गावांतल्या एकाही शहाण्याला आधी सुचलं नाही की ज्याच्याकडे चेंडू फेकायचा नाही असाच माणूस निवडून, सुपारी फोडून, फेटा बांधून आपण संघात घेतलाय. माझ्या गावात मी निदान गडी तरी होतो. इथं मी पाहुणा होतो.

सासऱ्यानं तर कळस केला. मी पळालो की त्याचा मुनीम पंखा घेऊन मैदानाच्या कडेकडेनं माझ्याबरोबर पळायचा. कुणी मला धक्का दिला की सासरा खाटेवरनं उठून मास्तरकडे तक्रार न्यायचा की जावयाच्या अंगाला हात लागलाच कसा. भर खेळात एकदा मला बसायला पाट आला. मी म्हटलं, मामा, आत्ता कसा बसू? तो म्हणाला, बसा हो, खेळायला पोरं हाईत की.

तरीही आम्ही जिंकत गेलो, कारण दुसऱ्यांचे चुकलेले चेंडू कड्याला लागून उडायचे ते थेट माझ्या हातात यायचे. जावयाकडे फेकायला लोखंडाला कसली लाज? करजगीला हरवलं तेव्हा त्यांचा घरजावई मला मिठी मारून रडला. कन्नडात म्हणाला, अण्णा, माझंही हेच चाललंय.

असं करत त्याच अंगणात शेवटचा, ढालीचा सामना आला, आणि समोर कोण? खटकचिंचोळी. माझंच गाव. त्यांना माझी कसली भीड? ज्यांच्याबरोबर मी चिंचा पाडल्या त्यांनी माझ्या बरगड्या मोजून काढल्या. एक जण नुसता माझ्या पायावर उभा राहायला ठेवला होता. तो सबंध वेळ तिथंच उभा होता आणि मी त्याला घेऊन पळत होतो. इकडे माझे मेहुणे वाकून, दोन्ही हातांनी, चेंडू गमावत होते. आम्ही इतके मागे पडलो की सासरा खाटेवर आडवा झाला. अक्का खटकचिंचोळीकडच्या बायकांत बसली होती. तिला कुणाची बाजू घ्यावी ते कळेना, म्हणून ती दोन्हीकडच्यांना शिव्या देत होती.

मी वर बघितलं. अंगणाच्या कडेला अडत्याच्या घराचं माळवद, त्यावर हुमनाबादच्या बायका दाटीनं बसलेल्या. ती मागे उभी होती. मागे उभी असून सगळ्यांत पुढं दिसत होती. सुपारी परत जायला आता थोडाच वेळ उरला होता, आणि तिच्या तोंडावरनं कळत होतं की तिनंही तेच ओळखलंय.

तेवढ्यात कुणाच्या तरी हातानं चेंडू असा उडाला की थेट माळवदावर. बायका साप पडल्यासारख्या बाजूला सरल्या. तिनं चेंडू उचलला. रीत अशी की आता तो एखाद्या म्हातारीकडे द्यायचा, म्हातारीनं जिन्यानं खाली आणायचा, भावाकडे द्यायचा, भावानं वाकून मला.

तिनं पदर खोचला. चेंडू दोन्ही हातांनी छातीशी धरला आणि सरळ माझ्यावर फेकला.

"धर," ती म्हणाली.

मी धरला. खरं म्हणजे चेंडूनं मला धरलं. मी दोन पावलं मागे जाऊन पायावर उभ्या असलेल्या माणसासकट खाली बसलो. गाड्यांचे बैल रवंथ करायचे थांबले. मुनिमाच्या हातातला पंखा पडला. होणाऱ्या नवऱ्यावर, भर बाजारात, वरनं. सासरा खाटेवर उठून बसला.

ती मग भावांना म्हणाली, आणि आवाज चढवायची तिला गरजच पडली नाही, "आता तरी फेका. त्यो खेळायला आलाय. देव्हाऱ्यात बसायला न्हाई."

पुढचं काय सांगू? मेहुण्यांनी हंगामभराची भीड त्या राहिलेल्या वेळात काढली. पाठीवर, पोटावर, कानाखाली, जिथं मी असेन तिथं चेंडू यायला लागला. प्रत्येक फेकीबरोबर ते "दाजी" म्हणायचे आणि दर खेपेला तो शब्द जास्तच जोरात लागायचा. मी शिंकं भरत सुटलो. आम्ही एका चेंडूवर आलो: तो आत पडला की ढाल आमची. शेवटची फेक माझी. ती कड्यावर गेली, फिरली, इतकी फिरली की तेवढ्यात मोटेनं वाफाभर पाणी दिलं असतं, आणि बाहेर पडली.

हरलो.

माझ्याच गावानं ढाल उचलली आणि माझ्याच डोळ्यांदेखत वाजत गाजत नेली. मी अंगणाच्या मधोमध उभा. सासरा आला. मागनं अक्काही आली. आता सुपारी परत जाणार हे मला दिसत होतं. पण सासऱ्याचा चेहरा ढालीपायी उतरला नव्हताच. तो अक्काला म्हणाला, ढालीचं जाऊ द्या, पोरीनं हे काय केलं. अक्का म्हणाली, तेच म्हणते, असली पोरगी घरात आणून उद्या ती माझ्या भावावर पाटा फेकंल. म्हणजे जिंकलो असतो तरी बहुधा मोडलंच असतं. 

सासऱ्यानं मान खाली घालून विचारलं, "जावईबापू, तुम्हाला राग न्हाई आला?"

आणि मग मी बोललो. जन्मात एवढं खरं मी एकदाच बोललोय. "मामा, हंगामभर तुमच्या गावात मला खेळाडू समजणारी ती एकलीच निघाली. ढाल त्यांना जाऊ द्या. सुपारी मी परत घेणार न्हाई."

सासऱ्यानं माळवदाकडे बघितलं. ती अजून तिथंच, पदर खोचलेला. मग तो अक्काला म्हणाला, "हळद कधी लावायची ते तुम्हीच सांगा. माझं इथं कुणी ऐकायलं न्हाई." अक्कानं सांगितलं, पण पाटा-वरवंटा आधी हलवून ठेवते म्हणाली, आणि तिनं तो खरोखर शेजारणीकडे नेऊन ठेवला.

लग्नात अंतरपाट सरला तेव्हा आमच्या दोघांच्या नजरा एका रेषेत होत्या. कुणालाच वाकावं लागलं नाही. हार हातात धरून, ओठ न हलवता ती म्हणाली, "फेकू का घालू?"

मी म्हटलं घाल. अक्का शपथ घेऊन सांगते की मी काहीच बोललो नाही, नुसते हात वर केले, झेलायला.