पेणच्या टेबलावर रोहा

“मी इथनंच बघते,” असं म्हणत ती ओढणी खांद्यामागे टाकायची आणि खुर्ची पुढे ओढायची. तिचं हे वाक्य मला पहिल्या दिवसापासून खुपलं.

आमची कचेरी पेणला, कारखाना रोह्याला. कारखान्यातला कंप्युटर अडला की मी एसटीने जायचो. तिथल्या गोदामाचे काका माझ्यासाठी खुर्ची पुसायचे, चहा सांगायचे. एवढा मान मला घरातही नव्हता.

मग नव्वदचं दशक संपता संपता दोन्हीकडे राउटर बसले आणि पेणजवळच्या जोह्याची, मूर्तिकारांच्या गावची, ही मुलगी नोकरीला लागली. घरी गणपतींच्या डोळ्यांची आखणी करायची, म्हणून असेल, माऊसवरचा तिचा हात जराही थरथरायचा नाही. तिने कसलासा प्रोग्रॅम टाकला आणि रोह्याचा स्क्रीन पेणच्या टेबलावर उघडला. तिकडे बाण आपोआप फिरायचा आणि काका हात मांडीवर ठेवून बघत बसायचे. तुम्हीही बसला असतात.

मी न विचारताच तिने मला समजावलं. राउटर आतल्याला बाहेर जाऊ देतो. बाहेरून आलेल्याला मात्र, कुठल्या कंप्युटरकडे पाठवायचं ते आधी लिहून ठेवलं नसेल, तर दारातूनच परत लावतो. त्यासाठी तिने रोह्याच्या राउटरमध्ये एक ओळ लिहिली होती.

पुढे हजेरीच्या कागदांसाठी रोह्याला गेलो, तेव्हा राउटरवर चिकटवलेला पासवर्ड टाकून मी ती ओळ पुसली.

दुसऱ्या दिवशी तिच्या टेबलावर रोह्याचा स्क्रीन उघडेना. सकाळभर ती वायरी तपासत, फोन करत राहिली. साहेबांनी सगळ्यांदेखत विचारलं, हे खेळणं बंदच करायचं का. मी लगेच निघालो. चहा प्यायलो, ओळ परत लिहिली आणि येऊन साहेबांना सांगितलं, शेवटी प्रत्यक्ष जावंच लागतं.

सगळे जेवायला गेल्यावर ती हळूच म्हणाली, “भाऊ, आत काय बदललं, कधी बदललं, ते राउटर लिहून ठेवतो. मी साहेबांना नाय सांगितलं.”

माझी मान वर झाली नाही. पण खरं सांगतो, हेवा गेला नाही, उलट वाढला. मनाच्या मोठेपणातही ती माझ्या पुढे निघून गेली होती.

वर्षभराने तिला पुण्यात नोकरी लागली. जाताना सगळे पासवर्ड तिने मलाच लिहून दिले.

त्यानंतर रोह्याहून साहेबांकडे पहिला फोन आला, तेव्हा मी तिच्या खुर्चीत बसलो. स्क्रीन उघडला, बाण हलवला. पलीकडून काकांनी त्याच स्क्रीनवर एकेक अक्षर शोधत टाइप केलं, “ताई, तूच हायस ना गो?”

मी लिहिलं, “नाय काका, मी हाय.”