तंबूतली धाकटी

माझी वहिनी आग फेकते आणि मी बाण मारते. आप्पा ढाल घेऊन उभे असतात, आई जखमांवर पाला लावते आणि माझा भाऊ, म्हणजे अण्णा, तलवार उपसून सगळ्यांच्या पुढे. हे सगळं अर्थात टीव्हीवर. प्रत्यक्षात आम्ही वडगावात राहतो. पुढच्या अर्ध्या घरात आप्पांचे यंत्रमाग चालतात, मागच्या अर्ध्यात आम्ही, आणि आईनं आजवर कुणाच्या जखमेला हळदीशिवाय काही लावलेलं नाही.

गेम अण्णानं आणला, मच्छे गावातल्या कारखान्यात कायम झाल्यावर. चौघांची टोळी घेऊन एका उजाड राज्यातून चालायचं, वाटेत लांडगे, दरोडेखोर, दगडाचे राक्षस. पात्रांना नावं आपणच द्यायची. दुसऱ्या कुणी झकास वीरांची नावं दिली असती. आम्ही घरातल्या हाका टाइप केल्या. अण्णा, आप्पा, आई. माझ्या बाणवालीच्या पुढं अण्णानं ‘धाकटी’ असं लिहिलं. तेव्हा मी भांडले होते, मला काहीतरी भारदस्त पाहिजे होतं. आता ते नाव बदलायची भाषा कुणी केली तर हात मुरगाळीन.

या गेमचे दोन कायदे फार कडक आहेत. लढाई जिंकली की पॉइंट मिळतात, पण ते लढाईत गेलेल्या चौघांनाच. चौघांत कसे वाटायचे ते आपण ठरवायचं. ज्याला जास्त, त्याची लेव्हल वर. जो तंबूत बसला तो उपाशी. दुसरा कायदा असा की मेलेलं माणूस परत येत नाही. पुन्हा पहिल्यापासून सुरू करा, नाहीतर त्याच्याशिवाय पुढे चला.

आम्ही खेळायचो अमावास्येला. याला कारण माग. ते चालू असले की भिंतीसुद्धा थरथरतात, टीव्हीचा आवाज ऐकायचा म्हणजे कान पडद्याला लावायला हवा. अमावास्येला आमच्या गल्लीत माग बंद. आप्पा माग पुसून घेतात, हळदकुंकू लावतात, नारळ फोडतात, आणि संध्याकाळी घर इतकं शांत होतं की आपण दुसऱ्याच्या घरी आलोय असं वाटतं. मी शाळेत शिकवून आलेली, अण्णा पहिली पाळी करून आलेला, मध्ये चिरमुऱ्यांचं ताट. जगात लोक हा गेम महिनाभरात संपवत असतील. आमची तीन वर्षं झाली तरी अर्धं राज्य बाकी होतं, आणि मला त्याची मुळीच घाई नव्हती.

पॉइंट वाटायचं काम आमचं दोघांचं. अण्णा म्हणायचा, “आप्पास्नी दे, ढाल कच्ची हाय.” मी म्हणायची, “आप्पा कुठं पळून जात न्हाईत, आधी माझा नेम वाढव.” मग वाद, मग तो हरायचा. धाकटीची लेव्हल नेहमी त्याच्याबरोबरीनं असायची, कधी एक पाऊल पुढे. मागच्या खोलीतून आप्पा विचारायचे, “मी अजून जित्ता हाय न्हवं?” आम्ही व्हय म्हणालो की त्यांना पुढचं काही नको असायचं.

मग अण्णाचं लग्न झालं. वहिनी बोरगावची, निपाणीकडची. माणूस म्हणून नावं ठेवायला जागा नाही, हीच तर पंचाईत. भाकरी माझ्यापेक्षा पातळ थापते. आप्पांशी मराठी, शेजारणीशी कन्नड, दोन्ही एका दमात. माझ्याहून वयानं मोठी असून मला ‘वन्सं’ म्हणते आणि ‘तुम्ही’ म्हणते, म्हणजे भांडायलाही सोय नाही. आणि तिच्या एखाद्या साध्या बोलण्यावर अण्णा असा हसतो, जसा तो फक्त माझ्याच चेष्टेवर हसतो असं मी पंचवीस वर्षं धरून चालले होते. मला ती आवडत होती आणि तिचा हेवाही वाटत होता. दोन्ही एकाच ताटात वाढलेलं, एकात दुसरं मिसळलेलं.

लग्नानंतरच्या दुसऱ्या की तिसऱ्या अमावास्येला गेममध्ये एक पूल ओलांडला आणि पलीकडे एक बाई उभी. लाल झगा, तळहातावर जाळ. ‘मला बरोबर घ्याल का?’ म्हणून विचारू लागली. अण्णानं मला काही न विचारता नावाच्या चौकटीत टाइप केलं, ‘वहिनी’. बायकोला तो काही वहिनी म्हणत नाही. ते माझ्यासाठी लिहिलं होतं, मला बरं वाटावं म्हणून. मला अजिबात बरं वाटलं नाही. चार जागा, पाच माणसं. कुणीतरी तंबूत जाणार हे सांगायला कशाला कोण पाहिजे?

“आप्पास्नी बसवूया?” अण्णा म्हणाला.

“ढाल काढलीस तर सगळे मरतील.”

“मग आई?”

“औषध कोण देणार? तुझी सासू?”

तो माझ्याकडे बघायला लागला. वहिनी चिरमुऱ्यातले शेंगदाणे वेचत शांत बसली होती. मला एकदम सुचलं. आमच्याकडे अमावास्येला नवीन काही धरत नाहीत. आप्पा मागावर सुताचा नवा बीम चढवत नाहीत, आई नव्या पिठाचा डबा उघडत नाही.

“आज अमावास्या हाय,” मी म्हणाले. “आज नवं माणूस घ्यायचं न्हाय. आप्पा, व्हय का न्हाय?”

आप्पांना कसली लढाई आणि कसलं काय, पण रीतीचा प्रश्न आला की ते जागे. आतूनच म्हणाले, “न्हाय न्हाय, आज नगो. पाडव्याला घ्या.”

अण्णानं मान डोलावली. वहिनी म्हणाली, “बरोबर हाय वन्संचं.” त्या बाईला पुलावर तशीच उभी ठेवून आम्ही टीव्ही बंद केला. मी त्या दिवशी दोन भाकऱ्या जास्त खाल्ल्या. पुढच्या अमावास्येलाही अमावास्याच असणार होती. माझ्या हिशेबानं ती बाई जन्मभर पुलावर उभी राहणार होती.

दर अमावास्येचा पाडवा दुसऱ्या दिवशीच असतो, हे मी विसरले. पाडव्याला मी शाळेत, आणि अण्णाची त्या आठवड्यात रात्रपाळी, म्हणजे दुपारी घरी. संध्याकाळी मी आले तेव्हा माग धडाडत होते आणि दोघं टीव्हीपुढे मांडीला मांडी लावून बसली होती.

“आवाज तर ऐकू येत न्हाय!” मी ओरडले. मागांमुळे ओरडावंच लागतं, पण तेवढं नव्हतं लागत.

“आवाज कशाला पायजे, वन्सं?” वहिनीही ओरडून म्हणाली. “आकडे दिसत्यात की.”

आणि ती पॉइंट वाटू लागली. तिची शाळा कन्नड, त्यामुळे ओठातल्या ओठात ओंदु, एरडु, मूरु मोजत. आप्पांना, आईला, अण्णाला, स्वतःला. पडद्याच्या कोपऱ्यात तंबूचं चित्र होतं, आणि शेकोटीपाशी धनुष्य मांडीवर घेऊन एक मुलगी बसली होती. गेमवाल्यांनी ती मुलगी अशी काढली होती की ती मधूनमधून जांभई देते.

भांडायचं कशावरून? रीत मीच काढली होती, आप्पांची साक्ष मीच काढली होती, आणि खेळ माझ्या दिवसातून उचलून त्यांच्या दिवसात मीच नेऊन ठेवला होता. शहाणपण करायला गेले आणि हात भाजून बसले. त्यानंतर अण्णाच्या रात्रपाळीचा आठवडा आला की दुपारी गेम. मी आठवीला समास शिकवत असायची आणि डोळ्यापुढे ती शेकोटी.

विचारलं असतं तर एका वाक्यात मिटलं असतं. पण मी विचारीन तर ना. अमावास्या यायची, नारळ फुटायचा, चिरमुऱ्यांचं ताट मध्ये यायचं, आणि अण्णा म्हणायचा, “ये गं.” मी वह्या तपासायच्या आहेत म्हणायची आणि वह्यांच्या कडेवरून बघायची. वहिनीची आग आता भिंती वितळवत होती. तिची लेव्हल अण्णाच्याही वर गेली होती. धाकटी तिथंच, पुलाच्या अलीकडे होती तेवढीच. एकदा तर मी देवाकडे मागितलं की ती लाल झग्यातली बाई मरो. नंतर घाबरून स्वयंपाकघरात डोकावले, तर वहिनी मला आवडतो म्हणून लाल मिरचीचा ठेचा वाटत होती. तो मी चाटूनपुसून खाल्ला आणि रात्रभर पोटात जळलं ते त्याच्यामुळेच असं स्वतःला सांगितलं.

गेल्या अमावास्येला ते शेवटच्या किल्ल्याच्या दारात पोचले. वहिनीच्या हातात रिमोट होता. अण्णा तिला सांगत होता, “आत गेलो की परत भायेर न्हाय. जे चौघं जातील तेच शेवटपर्यंत.”

म्हणजे धाकटी कायमची बाहेर. गेम संपणार, राज्य जिंकणार, आणि ती शेकोटीपाशी जांभया देत राहणार. माझ्या हातातली वही खाली पडली आणि तोंड उघडलं ते मिटेना.

“मी तुला एवढी जड झाले काय रं अण्णा? बायको आली म्हणून बहीण तंबूत? तीन वर्षं मी तुझ्या शेजारी उभी न्हवते काय?”

अण्णा हबकला. खरोखर हबकला, त्याला यातलं काही माहीतच नव्हतं. “अगं, जड कसली?” तो म्हणाला. “तू शाळेत हुतीस. तुझ्या माघारी तुला लढाईत न्यायची आन् मेलीस म्हंजे? तू मला जगू दिलं असतंस? म्हणून ठेवली, जपून. आप्पा मेले तर आप्पा हसतील. तू हसली असतीस?”

“मग मी घरात असताना का न्हाय नेलीस?”

“तवर लेव्हल मागं पडली न्हवं. आता नेली तर एका फटक्यात जाशील.”

वहिनी खाली बघत होती. मला त्याच्यावर चिडायला काही कारणच सापडेना, म्हणून मी जास्त चिडले. जपून ठेवली म्हणून मागे पडले, आणि मागे पडले म्हणून जपून ठेवायची. आई मला रात्री गल्लीच्या टोकापर्यंत एकटी सोडत नाही, अण्णा पुण्याच्या नोकरीचा विषय निघाला की ‘कशाला लांब’ म्हणतो, सगळे मला जपतात.

“मरू दे,” मी म्हणाले. “एका फटक्यात मरू दे, पण ने.”

मग वहिनीनं विचारलं, “मग कुणाला काढायचं, वन्सं? मला काढू?”

भल्या घरची मुलगी अशा वेळी ‘नको नको, असू द्या’ म्हणते. मी म्हणाले, “व्हय.”

तिनं माझ्याकडे बघितलं, अण्णाकडे बघितलं, आणि रिमोटची दोन बटणं दाबली. धाकटी शेकोटीपाशी उठली, धनुष्य पाठीला लावून दारात आली. वहिनी तिथंच होती. आप्पा होते, आई होती. तलवार घेऊन जो तंबूकडे चालू लागला तो अण्णा होता.

“अगं ए!” अण्णा ओरडला. “मी? मी कसा न्हाय? गेम माझा हाय!”

“तुम्ही बसा,” वहिनी म्हणाली. “आप्पा पुढं हाईत, आई औषध देत्यात. वन्सं माझ्या मागं ऱ्हातील, मी कुणाला जवळ यिऊ देत न्हाय. लांबनं बाण मारतील, पॉइंट सगळे त्यास्नीच देऊ.”

मला भावाच्या शेजारची जागा पाहिजे होती. मिळाली ती हिच्या शेजारची. आणि असं काही करता येतं हे मला नाही, तिला सुचलं, याचाही मला त्याच क्षणी हेवा वाटला. पण रिमोट तिनं माझ्या हातात दिला आणि आम्ही आत गेलो.

पहिल्याच दालनात दगडाचे राक्षस. आप्पांनी ढाल रोवली, वहिनीनं जाळाची भिंत केली. मी नेम धरला आणि सहज मागे वळून पाहिलं. अण्णा चिरमुऱ्यांचं ताट मांडीवर घेऊन बसला होता, खात नव्हता. ओठ घट्ट मिटलेले, नजर आमच्या दोघींच्या मधल्या फटीतून पडद्यावर. हे तोंड मला चांगलं ओळखीचं होतं. गेले कित्येक महिने ते मी वह्यांच्या आड धरून बसले होते.

“मार की वन्सं, लवकर,” वहिनी म्हणाली. गडबडीत ती ‘तुम्ही’ विसरली होती.

बाण मारले असते तर लढाई तिथंच संपली असती. मी धनुष्य खाली घेतलं आणि सावकाश पुन्हा नेम धरू लागले, म्हणजे त्याला अजून थोडा वेळ तसंच बसावं लागेल.