पडद्याखालचं गाव

आमच्या मूल गावच्या बसस्टँडवर बाबा मला सोडायला आले तेव्हा त्यांच्या नखांत निळा रंग होता. दिवाळीनंतरच्या नाटकांसाठी ते रंगवत होते तो राजवाड्याचा पडदा अर्धाच झाला होता. नॉर्वेला चित्रकला शिकायला निघालेल्या पोरीला त्यांनी उपदेश केला नाही. बस हलताना एवढंच म्हणाले, "लय थंडी पडते म्हनते तिथी. कान बांधत जाजो."

तुमच्यापैकी जे झाडीतच, आपल्या धानाच्या मुलखातच राहिले त्यांना सांगायला नको, पण माझ्यासारखे जे निघाले ते विसरले असतील. धान निघालं की गावोगाव नाटकं लागतात. बाबांचे पडदे गावोगाव फिरत. प्रत्येकाच्या कोपऱ्यात ते स्वतःच्या नावापेक्षा मोठं 'मूल' लिहीत. मला ती फुशारकी वाटे. ते म्हणत, "गावाचं नाव पाह्यजेच. फाटला तं लोकाईनं कुठी आनाचा?" आणि लोक खरंच आणत, जीपवर गुंडाळी बांधून.

इकडे मी चित्रं काढता काढता इथल्या भाषेत नाटकं लिहू लागले. आता पासपोर्टही इथलाच. एका पोस्टरवर 'नॉर्वेजियन नाटककार' वाचून मला प्रश्न पडला, ही कोण बाई? पहिल्या प्रयोगाला तर फजितीच झाली. आपल्याकडे आवडलं की लोक नाटक थांबवून बक्षीस देतात, माइकवर नाव पुकारतात. इथले, बर्गन शहरातले लोक शेवटपर्यंत हाताची घडी घालून बसले. नाटक पडलं म्हणून मी विंगेत रडून घेतलं, आणि मग टाळ्या सुरू झाल्या.

यंदाचं नाटक गाव सोडणाऱ्या मुलीचं आहे. पडदाही मीच रंगवला, इथल्या बर्च झाडांच्या जंगलाचा. सगळं झालं आणि कोपऱ्याशी ब्रश अडला. मूल लिहावं तर खोटं. बर्गन लिहावं तर बाबा मला परकी समजतील, आणि ते मला सोसलं नसतं. कोपरा कोरा ठेवूनच मी त्यांना व्हिडिओ कॉल केला.

"झाडं पांढरे काऊन? चुना मारला का?" बाबा म्हणाले. मग नजर खाली गेली. "गाव नाई लिवलं?"

"कोनतं लिवू, बाबा?"

"तिथलंच लिव. फाटला तं एवढ्या दूर कोन आनन इथी?"

मी त्यांच्यासमोरच बर्गन लिहिलं. हायसं वाटलं आणि पोरकंही.

बाबा मात्र फोन ठेवेनात. त्यांनी कॅमेरा भिंतीकडे वळवला. तिथे तोच राजवाड्याचा पडदा होता, मधोमध फाटलेला.

"हा सांधाले आला. माह्ये हात आता थरथरते. दुसऱ्या कोनाले हात नाई लावू देल्ला. कंपनीवाल्याले म्हनलं, थांब, पोरगी येऊन राह्यली."

मी येणार असं काही ठरलं नव्हतं.

घर कुठलं, असं आता कोणी विचारलं तर मी गोंधळत नाही. बर्गनला मी राहते. मूलला माझ्या हातासाठी काम राखून ठेवलेलं असतं. तिकीट काढलं आहे. बाबांना सांगितलंय, पडदा चिकटवायचा सरस भिजत घालून ठेवा.