भोंग्याची सहा वाक्यं

नाटक मंडळींनी त्याला भोंगा हे नाव ठेवलं, त्यात चेष्टा कमी आणि कौतुक जास्त होतं. गावातल्या सभागृहाचा माईक मधेच खरखरायचा, आणि तो खरखरला की मागच्या रांगा चहाला उठायच्या. भोंगा बोलायला लागला की त्याच रांगा बसून राहायच्या. मंडळाचे दिग्दर्शक शाळेत भूगोल शिकवत. त्यांना सगळे सर म्हणत. अभिनयाबद्दल सरांचं एकच म्हणणं होतं, शेवटच्या रांगेतल्या बहिऱ्याला ऐकू गेलं पाहिजे. त्यांनीच लिहिलेल्या नाटकात भोंगा न्यायाधीश व्हायचा. निकालाचं भाषण दीड पानाचं. ते संपलं की बाहेर सायकलला टेकून उभा असलेला माणूसही टाळ्या वाजवायचा म्हणे. हे सांगणाऱ्यांत भोंगा स्वतः सगळ्यांच्या पुढे.

दिवसभर तो बुटांच्या दुकानात असायचा. दुकान बायकोच्या भावाचं. गिऱ्हाइकासमोर गुडघ्यावर बसायचं, अंगठ्याने बुटाचं टोक दाबायचं आणि विचारायचं, "बोटं टेकतायत का पुढे?" इथे त्याला कोणी भोंगा म्हटलं नसतं. दुकानात मोठ्याने बोललं तर गिऱ्हाईक शेजारच्याकडे जातं, हे मेहुण्याने त्याला सुरुवातीलाच बजावलं होतं.

पुढे सरांना वयाने गाठलं, मंडळातली पोरं नोकऱ्यांना पांगली आणि सभागृहात फर्निचरचं गोदाम आलं. भोंगा घरात वर्तमानपत्र मोठ्याने वाचू लागला. बायको धुलाई केंद्राच्या काउंटरवर दिवसभर बोलून दमून यायची. ती एकदा म्हणाली, "अहो, मला वाचता येतं." मग शहरात शिकणाऱ्या मुलीनेच काय ते मनावर घेतलं. तिने बापाचा फोटो गर्दी पुरवणाऱ्या एका बाईंकडे पाठवला. या बाई मालिकांना आणि सिनेमांना माणसं पुरवत: कोर्टात बसायला, रांगेत उभं राहायला, दवाखान्यात वाट बघायला. सगळे त्यांना ताई म्हणत. ताईंचं उत्तर आलं, "पांढरा शर्ट आणा. मिशी काढू नका."

मेहुणा हसला. "भाऊजी, तिकडे जाऊन नुसतं उभंच राहायचंय ना? मग दुकानात काय वाईट उभे राहता?"

पण दुकानाच्या सुट्टीच्या दिवशी भोंगा पहाटेची बस धरून शहरात गेलाच. काम कोर्टाचं होतं. त्याला वाटलं, नशिबाने घरचाच विषय काढला. त्याला बाकावर मागे बसवलं. नटाने निकाल वाचला आणि भोंग्याच्या तोंडून, इतकी वर्षं न्यायाधीश केल्यामुळे असेल, "अरेरे!" असा उद्गार निघाला. चित्रीकरण थांबलं. ताई आल्या.

"काका, नाटकातले का?"

"हो," भोंगा खुशीत म्हणाला.

"वाटलंच. इथे ओठ हलवायचे, आवाज काढायचा नाही. नटाचा आवाज तेवढा घेतात, गर्दीचा नंतर घालतात."

ते काम त्याने हळूहळू शिकून घेतलं. मागे दोघं गप्पा मारताना दिसतात ते मुकेच असतात. माना हलतात, हातवारे होतात, एखादी बाई पोट धरून हसते, आणि खोलीत पंख्याचासुद्धा आवाज नसतो, कारण तोही बंद केलेला असतो. चालणाऱ्यांच्या बुटांच्या तळव्यांना जाड कापड चिकटवतात. ते पाहून भोंग्याला प्रथम वाईट वाटलं, चांगल्या बुटाची वाट लावली म्हणून. नंतर ते चिकटवायचं काम तोच करू लागला.

ओठ हलवायचे, पण म्हणायचं काय? कोणी आकडे मोजतं, कोणी शेजारणीची उणीदुणी काढतं. भोंग्याने न्यायाधीशाचं भाषण धरलं. दवाखान्याच्या व्हरांड्यात, बँकेच्या रांगेत, विमानतळाच्या खोट्या बाकांवर तो ते दीड पान पहिल्यापासून शेवटपर्यंत म्हणायचा, योग्य जागी थांबून, योग्य शब्दावर जोर देऊन, आवाजाशिवाय. अशी वर्षं गेली. मालिका लागली की बायको चष्मा लावून टीव्हीच्या अगदी जवळ जायची.

"कुठे आहात?"

"तो काय, खांबाच्या मागे. कोपर दिसतंय बघ."

"कोपर तुमचंच," ती म्हणायची आणि चष्मा काढायची.

एकदा दवाखान्याच्या दृश्यात सहायक म्हणून काम करणारी एक तरुण मुलगी जेवणाच्या वेळी त्याच्यासमोर येऊन बसली. "काका, तुम्ही त्या बाईंना काय समजावत होता? मी मुख्य नटाकडे बघायचं सोडून तुमच्याकडेच बघत होते."

भोंगा ओशाळला. "काही नाही हो. खुनाचा निकाल देत होतो."

ती इतकी हसली की ताईंनी दुरून डोळे वटारले. ती मित्रांच्या मदतीने स्वतःचा छोटा सिनेमा करत होती; स्टुडिओ नाही, मोठा नट नाही, एक रिकामं घर काही दिवसांपुरतं मिळालेलं. त्यात एक भाडेकरू अनेक वर्षांनी घर सोडतो आणि मालकाच्या मुलीच्या हातात किल्ली देतो, असा प्रसंग होता. तो भाडेकरू तिने भोंग्याला दिला. वाक्यं सहा.

ही किल्ली डावीकडे फिरवायची. नळ फार आवळू नका. मागच्या खोलीची खिडकी आधी उचलायची, मग ढकलायची. वरची फळी एकाच खिळ्यावर आहे. रात्री भिंतीतून पाण्याचा आवाज येतो. सवय होते.

गावात ही सहा वाक्यं पाठ नसलेला माणूस उरला नाही. सरांना ती ऐकवून झाली, धुलाई केंद्रात कपडे टाकायला येणाऱ्यांना झाली. रजा मागताच मेहुण्याने दिली. "बोलायचं आहे म्हणता, मग जा. उभं राहायला सोडलं नसतं." बायको इस्त्री करता करता मालकाची मुलगी व्हायची आणि भोंगा तिच्या हातात कपाटाची किल्ली ठेवायचा. "एकदा तिकडे माझा आवाज ऐकू येऊ दे," तो म्हणाला. "मग खांबामागे उभं राहायला माझी ना नाही."

रिकाम्या घरात माणसं मोजकीच होती. दिग्दर्शिका, कॅमेरावाला, मालकाच्या मुलीचं काम करणारी नटी आणि ध्वनिमुद्रक. ध्वनिमुद्रक काटकुळा, अबोल माणूस, कानांवर मोठे हेडफोन. त्याने भोंग्याच्या सदऱ्याच्या आत छोटा माईक लावला, पंखा बंद केला, खिडक्या लावल्या. दिग्दर्शिका म्हणाली, "अॅक्शन."

भोंगा आत आला, किल्ली पुढे केली आणि सहाही वाक्यं बोलला. जिथे थांबायचं तिथे थांबला. शेवटच्या दोन शब्दांवर त्याचे डोळे किंचित पाणावलेसुद्धा.

"कट. माईक गेला," ध्वनिमुद्रक म्हणाला.

त्याने वायर बदलली, बॅटरी बदलली. पुन्हा अॅक्शन, पुन्हा सहा वाक्यं. आता ध्वनिमुद्रक कपाळाला आठ्या घालून यंत्राकडे बघत राहिला. "माईक ठीक आहे. काकांच्या बुटाचा आवाज येतोय, श्वास येतोय. बोलणं येत नाही."

नटी हळूच म्हणाली, "ते बोललेच नाहीत."

"काय बोलतेस? सगळं बोललो मी!" हे मात्र सगळ्यांना नीट ऐकू आलं.

मग त्याचं त्यालाच कळलं. घरी बायकोसमोर आवाज फुटत होता, कारण घरी कोणी अॅक्शन म्हणत नव्हतं. इतकी वर्षं तो शब्द कानावर पडला की गळा आपोआप मिटायचा, आणि आत दीड पानाचं भाषण खणखणीत चालू राहायचं. आता त्या भाषणाच्या जागी ही सहा वाक्यं होती, एवढाच फरक.

"सॉरी. आता बघा," तो म्हणाला, आणि पुढच्या खेपेला सगळी ताकद लावली. "ही किल्ली!" इतक्यातच ध्वनिमुद्रकाने हेडफोन ओढून काढले आणि कान चोळत बसला. खिडकीच्या काचा थरथरल्या. भाडेकरू घर सोडतोय की घरमालकाला फाशी देतोय, ते कळेना.

खिडकीतलं ऊन भिंतीवरून सरकत चाललं होतं, आणि घर संध्याकाळी परत द्यायचं होतं. दिग्दर्शिका त्याच्याजवळ आली. ती खरंच चांगली मुलगी होती. "काका, ऐका ना. न बोलता करू या का? तुम्ही आत या, किल्ली ठेवा, एकदा घराकडे बघा आणि निघा. खूप छान दिसेल. तुमचा चेहराच बोलतो."

कॅमेरावाल्याने मान डोलावली. सगळ्यांनाच ते पटलं. भोंग्यालाही कळलं की ते छानच दिसेल.

"नाही," तो म्हणाला. "न बोलता मी बरंच केलंय. ही वाक्यं काढणार असाल तर दुसऱ्या कोणाला द्या."

त्याने मान खाली घातली, आणि खाली घातली म्हणून त्याला नटीच्या पायातल्या नव्या सँडल दिसल्या. ती एका पायावर भार टाकून उभी होती.

"टाचेला लागतंय का?" त्याने विचारलं.

"हो ना. सकाळपासून."

"पट्टा एक भोक सैल करा. आणि आत रुमाल दुमडून घाला, कापूस नको, तो सरकतो."

ध्वनिमुद्रकाने हात वर केला. "थांबा. हाच आवाज. काका, हा कुठला?"

"दुकानातला."

"हाच पाहिजे."

दिग्दर्शिकेने कॅमेरावाल्याला नुसती खूण केली. अॅक्शन हा शब्द ती म्हणालीच नाही. भोंगा दाराबाहेर गेला, आत आला आणि नटीच्या सँडलकडे बघतच म्हणाला, "ही किल्ली डावीकडे फिरवायची." नळ झाला. खिडकीपाशी त्याची गडबड झाली. "आधी ढकलायची... नाही. आधी उचलायची, मग ढकलायची." फळी राहिलीच. पाण्याचा आवाज आला, सवय होते आलं. ध्वनिमुद्रकाने डोळे मिटून घेतले होते.

सिनेमा शहरातल्या एका छोट्या सभागृहात दाखवला. बायको आली, मुलगी आली, मेहुणा दुकान बंद ठेवून आला, सरांना खुर्चीसकट आणलं. प्रसंग सुरू झाला आणि बायको सवयीने पडद्याच्या कडा शोधू लागली, डावी, उजवी, दारामागे. मुलीने तिचा दंड दाबला. "आई, मधे बघ." तेव्हा कुठे तिला नवरा दिसला, पडद्याएवढा. घरी जाताना बसमध्ये एवढंच म्हणाली, "खिडकीपाशी चुकलात ते तसंच ठेवलंय त्यांनी. बरं केलं."

सरांचं मत वेगळं पडलं. "आवाज पडलाय तुझा," ते म्हणाले. "मला एक अक्षर ऐकू आलं नाही." सर आता स्वतःच शेवटच्या रांगेतले बहिरे झाले होते. मेहुण्याने भोंग्याच्या पाठीवर थाप मारली. "मला आलं हो ऐकू. भाऊजी, गिऱ्हाइकाशी बोलता तसंच बोललात. त्याचे पैसे मागायला हवेत मी त्यांच्याकडे."

दुकानाच्या पुढच्या सुट्टीला ताईंनी त्याला बोलावलं. पुन्हा दवाखान्याचा व्हरांडा, पुन्हा बाकडं, शेजारी तीच नेहमीची बाई. त्याने तळव्यांना कापड चिकटवलं आणि जागेवर बसला. नट रडू लागला. मागे माना हलू लागल्या, हातवारे सुरू झाले.

"कट! कोण बोलतंय?"

ताई तरातरा आल्या आणि बाकड्यांवरून नजर फिरवत त्याच्यापाशी थांबल्या.

"काका, तुमचा आवाज येतोय."

"सॉरी, ताई," भोंगा म्हणाला. शेजारची बाई त्याच्याकडे रोखून बघत होती. तो नुकताच तिला सांगत होता की खिडकी आधी उचलायची, मग ढकलायची.