सहा पावलांचं वाक्य

इंदुमावशी गेल्याचा फोन तिच्या मुलाने, अशोकने, सकाळी माझ्या वर्तमानपत्राच्या कचेरीत केला. दुसऱ्या दिवशी एका मराठी दैनिकात दोन ओळी आल्या : ‘बोलपटांच्या आरंभकाळातील एका नामवंत दिग्दर्शकांच्या वहिनी इंदुमती आठल्ये यांचे बंगळूर येथे निधन.’ बातमीत एकही चूक नव्हती. म्हणूनच राग आला... महिना झाला, तो उतरलेला नाही.

ती माझ्या आईची धाकटी बहीण. तिच्या दिरांची कोल्हापुरात चित्रपट कंपनी होती. बोलपट आले तेव्हा कंपनीत चित्रं हलवणारे सगळे होते, माणसांना बोलतं करणारं कुणी नव्हतं. मावशी लिहू लागली. मायक्रोफोन एकच, फुलदाणीत लपवलेला. नट त्याच्यापासून सहा पावलं लांब गेला की आवाज विरायचा. म्हणून मावशी प्रत्येक वाक्य स्वतः चालत म्हणून पाहायची. सहाव्या पावलाच्या आत संपलं नाही तर खोडायची. पाच चित्रपट तिने असे चालत लिहिले. पडद्यावर लेखक म्हणून नाव आलं दिरांचं. तिने विचारलं तेव्हा ते हसून म्हणाले, “वहिनी, पाटीवर जागा कुठे आहे? तुमचं नाव केवढं लांब!”

नवरा गेल्यावर ती अशोककडे, इथे बंगळुरात यशवंतपूरला आली. अशोक इथल्या सरकारी कारखान्यात इंजिनिअर. त्याच्या स्वयंपाकघरात ओट्यापासून मागच्या दारापर्यंत बरोबर सहा पावलं होती. दारात आलेल्या भाजीवाल्या अक्काला काय सांगायचं, तेही ती तेवढ्यात बसवायची. “आई, इथे माइक नाहीये,” अशोक म्हणायचा. “तू आहेस ना, तसाच बहिरा,” ती म्हणायची.

तीन वर्षांपूर्वी इथल्या एका फिल्म सोसायटीने त्या पाचांतला पहिला चित्रपट दाखवला. मावशीने तो साठ वर्षांत पाहिला नव्हता. अध्यक्षांनी तिची ओळख करून दिली, “यांच्या हातची आमटी खाऊन हा चित्रपट उभा राहिला.” टाळ्या पडल्या. दिवे मालवले. शेजारच्या खुर्चीत मावशी प्रत्येक वाक्य नटाच्या क्षणभर आधी पुटपुटत होती. मी ऐकत होतो. एकही चुकलं नाही.

बाहेर आल्यावर म्हणाली, “बातमी तूच देणार ना? लिही, संवाद माझे.”

“मावशी, कागद काही आहे का? पुरावा लागतो.”

“अरे, मी आहे की. अजून बोलतेय.”

मी सोसायटीचं पत्रक समोर ठेवून बातमी लिहिली. लेखक म्हणून दिरांचं नाव दिलं. तिने अंक वाचला, घडी घातली आणि इथे कानडीत ‘ठीक’ म्हणतात तसं म्हणाली, “सरी. जेवून जा.” पुन्हा तो विषय तिने काढला नाही. दिरांवर, अध्यक्षांवर रागावणं सोपं आहे. पण त्या अंधारात तिचं पुटपुटणं ऐकणारा मी एकटा होतो, आणि मला ते पत्रक जास्त खात्रीचं वाटलं.

गेल्या रविवारी अशोककडे गेलो. स्वयंपाकघराच्या लाल जमिनीवर ओट्यापासून दारापर्यंतचा पट्टा झिजून गुळगुळीत झाला आहे. ओट्याला पाठ लावून उभा राहिलो आणि चालत, मोठ्याने म्हटलं, “संवाद : इंदुमती आठल्ये.”

तिसऱ्या पावलाला वाक्य संपलं. उरलेली तीन पावलं मी गप्प चाललो.